उत्तर कोरियात फोटो काढताना: काय चालतं, काय चालत नाही आणि का

फेब्रुवारी २०२५ मध्ये उत्तर कोरियाने पाच वर्षांनी पाश्चात्त्य पर्यटकांसाठी दार किलकिलं केलं. ईशान्य टोकाच्या रासोन शहरात काही गट जाऊन आले आणि मार्चच्या सुरुवातीलाच ते दार पुन्हा बंद झालं. एप्रिलमध्ये प्योंगयांगच्या मॅरेथॉनला परदेशी धावपटू आले. जुलैच्या पहिल्या तारखेला पूर्व किनाऱ्यावर वोनसान-काल्मा हे भलंमोठं पर्यटनस्थळ सुरू झालं, रशियन पाहुणे येऊन पोहोचले, आणि महिना संपायच्या आत परदेशी पर्यटकांना तूर्त प्रवेश नसल्याचं जाहीर झालं.

दर वेळी या देशातून फोटोंची एक लाट बाहेर येते आणि तिच्यावर तेच दोन शेरे पडतात. एक म्हणतो, ‘हे सगळे नट आहेत, रस्त्यावरची माणसंसुद्धा आणून उभी केलेली आहेत.’ दुसरा म्हणतो, ‘किती स्वच्छ शहर, उगाच बदनामी करतात.’ मला दोन्ही शेरे चुकीचे वाटतात, आणि दोन्हींचं कारण एकच आहे. तो फोटो कोणत्या नियमांखाली काढला गेला हे शेरा मारणाऱ्याला ठाऊक नसतं. ते नियम कळले की फोटो वाचताही येतो, आणि कधी तिथे जायची वेळ आलीच तर कॅमेरा कधी खाली ठेवायचा हेही कळतं.

पर्यटकाला तिथे फिरू कसं देतात?

एकट्याने बॅग उचलून जाण्याची सोय या देशात नाही. कोविडच्या आधी बहुतेक परदेशी पर्यटक चीनमधल्या एखाद्या प्रवासी कंपनीमार्फत जात. कुठे जायचं, कुठे जेवायचं, किती वाजता निघायचं हे सगळं आधी मंजूर झालेलं असे. देशात पाऊल ठेवल्यापासून सरकारी पर्यटन कंपनीचे दोन गाइड बरोबर असत. हॉटेलच्या आवाराबाहेर त्यांच्याशिवाय पडायचं नाही. प्योंगयांगमध्ये अनेकांचा मुक्काम यांगगाकदो हॉटेलात असे आणि ते हॉटेल तेदोंग नदीतल्या बेटावर आहे, त्यामुळे रात्री सहज पाय मोकळे करायला बाहेर पडण्याचा प्रश्नच उरत नसे.

गाइड दोन कशाला? एक कारण सरळ आहे, गट सांभाळायला दोघं लागतात. दुसरं असं की दोघांचंही एकमेकांकडे लक्ष असतं. ही गोष्ट ध्यानात ठेवा, पुढे ती फार महत्त्वाची ठरते.

मोबाइलचा इतिहासही बोलका आहे. जानेवारी २०१३ पर्यंत परदेशी पाहुण्याला आपला फोन देशात शिरतानाच जमा करावा लागे आणि तो परत जाताना मिळे. मग नियम सैल झाला. त्यानंतर एपी या वृत्तसंस्थेचा छायाचित्रकार डेव्हिड गुटेनफेल्डर याने तिथूनच फोनवर काढलेले फोटो इन्स्टाग्रामवर टाकायला सुरुवात केली. हॉटेलातली वस्तू, रस्त्यावरची सायकल असे साधे फोटो होते ते. जगाने ते डोळे फाडून पाहिले, कारण तोवर या देशातून बाहेर येणारं बहुतेक प्रत्येक चित्र कुणीतरी आधी निवडलेलं असे.

नियम कुठे लिहिलेले आहेत?

पर्यटकाच्या हाती कायद्याचं पुस्तक कुणी देत नाही. निघण्याआधी प्रवासी कंपनी सगळ्यांना बसवून समजावते, आणि तिथे पोहोचल्यावर गाइडचा शब्द हाच नियम. एका गाइडने बसमधून फोटो काढू दिले म्हणून दुसरा देईलच असं नाही. तरी काही गोष्टी सर्वांच्या सांगण्यात सारख्या येतात. सैनिक, लष्करी वाहनं, तपासणी नाकी आणि चालू बांधकामं यांचे फोटो काढायचे नाहीत. माणसांचे जवळून फोटो विचारूनच काढायचे. नेत्यांचे पुतळे आणि चित्रं अर्धवट कापून फोटोत घ्यायची नाहीत. लांबवरचं टिपणाऱ्या मोठ्या लेन्स नेऊ नयेत, असंही सांगितलं जातं.

काही जागी कॅमेरा आत नेताच येत नाही. देशाचे संस्थापक किम इल-सुंग आणि त्यांच्यानंतर सत्तेवर आलेले त्यांचे पुत्र किम जोंग-इल यांचे जतन केलेले देह ज्या कुमसुसान प्रासादात ठेवले आहेत, तिथे कॅमेरा आणि फोन दारातच जमा होतात. म्योह्यांग डोंगरातल्या प्रदर्शनातही तसंच. जगभरच्या नेत्यांनी किम घराण्याला दिलेल्या भेटवस्तू तिथे मांडल्या आहेत. रासोनमध्ये पर्यटकांना खरा चालता बाजार पाहायला मिळतो, पण त्याच्या आत फोटोला मनाई असते. ही शेवटची मनाई मला सगळ्यात जास्त सांगून जाते. पुतळ्यासमोर फोटो काढा असा आग्रह, आणि जिथे माणसं आपल्या हिशेबाने भाव करून वस्तू विकतात तिथे कॅमेरा बंद.

पुतळा अख्खाच का हवा?

प्योंगयांगमधल्या मान्सू टेकडीवर कांस्याचे दोन पुतळे आहेत, प्रत्येकी सुमारे २० मीटर उंच. किम इल-सुंगचा पुतळा १९७२ मध्ये उभा राहिला, शेजारी मुलाचा २०१२ मध्ये आला. जवळजवळ प्रत्येक सहलीची सुरुवात इथून होते. गट पायऱ्यांपाशी थांबतो. एकजण पुढे होऊन फुलं ठेवतो. मग सगळे एका ओळीत उभे राहतात आणि एकदम वाकतात. हात खिशात नकोत, पाठीमागेही नकोत. त्यानंतरच कॅमेरे बाहेर येतात.

आता फोटो काढणाऱ्याची अडचण पाहा. पुतळा डोक्यापासून पायापर्यंत पूर्ण यायला हवा. जवळ उभं राहून फोन वर केला की पाय तुटतात, आडवा धरला की डोकं. म्हणून मागे मागे सरकत जावं लागतं. पुढे उभा असलेला मित्र पुतळ्याच्या मधोमध येऊन चालत नाही. थोरल्या किमचा उजवा हात पुढे उंचावलेला आहे, तसाच हात करून गमतीची पोझ देणं तर अजिबात नाही. गाइड शेजारी येऊन फोनचा पडदा पाहतो आणि एखादा फोटो कापला गेला असेल तर शांतपणे म्हणतो, हा काढून टाका.

बाहेरच्या माणसाला हा अतिरेक वाटतो. पण तिथे नेत्याची प्रतिमा ही नुसती प्रतिमा नसते. घराघरात भिंतीवर नेत्यांची चित्रं असतात आणि ती स्वच्छ ठेवणं हे घरच्यांचं कर्तव्य असतं. छातीवर बिल्ला असतो. वर्तमानपत्रात नेत्याचा फोटो असेल तर चेहऱ्यावर घडी पडेल असं ते दुमडायचं नाही, चुरगळून टाकणं तर दूरच. ज्या देशात कागदावरच्या चेहऱ्याची घडीसुद्धा अपमान ठरते, तिथे तुमच्या फोटोत पुतळ्याचं डोकं कापलं जाणं हे निष्काळजीपणात मोडत नाही. गाइडला त्याबद्दल उत्तर द्यावं लागू शकतं.

सैनिक, बांधकाम आणि बैलगाडी यांना मनाई का?

इथे दोन कारणं एकमेकांत मिसळलेली आहेत. ती वेगळी केली की बरंच उलगडतं.

पहिलं कारण खरोखर सुरक्षेचं आहे. कोरियन युद्ध २७ जुलै १९५३ ला थांबलं ते युद्धबंदी कराराने. शांतता करार आजवर झालेला नाही. कागदोपत्री हा देश अजून युद्धात आहे. लष्करी ठाण्यांचे फोटो काढायला अनेक देश मनाई करतात, दक्षिण कोरियाही करतो. यात वावगं काही नाही.

पण उत्तर कोरियाचं सैन्य सुमारे १२ लाखांचं आहे, आणि देशाची लोकसंख्या साधारण अडीच कोटींवर. शिवाय सैनिक नुसते पहारा देत नाहीत. ते रस्ते बांधतात, इमारती उभारतात, शेतात कापणीला जातात. त्यामुळे शहराबाहेर कॅमेरा कुठेही वळवा, गणवेशातलं कुणीतरी चौकटीत येणारच. ‘सैनिकाचा फोटो नको’ हा साधा वाटणारा नियम प्रत्यक्षात देशाच्या मोठ्या भागावर पडदा टाकतो.

दुसरं कारण प्रतिमेचं. ते समजून घ्यायला पानमुनजोमचं उदाहरण पुरेसं आहे. हे दोन कोरियांच्या सीमेवरचं ठिकाण, जगातल्या सर्वांत कडेकोट सीमांपैकी एक. साधी अपेक्षा अशी की इथे कॅमेरा बाहेरही काढू देणार नाहीत. प्रत्यक्षात उत्तरेकडून येणाऱ्या पर्यटकाला इथेच सैनिकाबरोबर उभं राहून फोटो काढायला मिळत असे. इस्त्री केलेला गणवेश, ताठ मान, मागे ऐतिहासिक इमारत. हा सैनिक राज्याच्या कथेतला सैनिक आहे. खांद्यावर सिमेंटचं पोतं घेऊन चाललेला थकलेला मुलगाही सैनिकच, पण तो त्या कथेत बसत नाही.

बैलगाडी, जुनाट ट्रक, नदीत कपडे धुणारी बाई यांच्या फोटोंवर गाइड नाखूश होतात तेही यामुळेच. मात्र इथे गाइडच्या बाजूनेही थोडं बोलायला हवं. परक्याने आपल्या घरी येऊन फक्त फाटकं तेवढं टिपावं आणि जगाला दाखवावं, हे कुणालाच रुचत नाही, त्यासाठी हुकूमशाहीत राहावं लागत नाही. ‘तुम्ही आमच्या गरिबीचेच फोटो का काढता?’ असं विचारणारा गाइड पढवलेलं बोलत असेलही, आणि त्याच वेळी त्याला मनापासून वाईटही वाटत असेल. या दोन गोष्टी एकाच माणसात असू शकतात.

राज्य स्वतःच्या फोटोंचं काय करतं?

चित्र आपल्या मुठीत हवं ही ओढ किती खोलवर आहे, हे सरकारच्या स्वतःच्या फोटोंत दिसतं. डिसेंबर २०११ मध्ये किम जोंग-इलची अंत्ययात्रा निघाली. सरकारी वृत्तसंस्थेने दिलेल्या फोटोत बर्फाच्छादित रस्त्याच्या कडेला लोकांची सरळसोट रांग होती. त्याच क्षणाच्या आसपास दुसऱ्या कॅमेऱ्याने घेतलेल्या फोटोत त्या रांगेमागे चित्रीकरण करणाऱ्यांचा एक छोटा घोळका दिसत होता. सरकारी फोटोतून तो पुसला होता. घोळक्यात लपवण्यासारखं काहीच नव्हतं, त्याने रांगेची शिस्त तेवढी मोडत होती.

मार्च २०१३ मध्ये लष्करी सरावाचा फोटो आला. समुद्रातून किनाऱ्याकडे झेपावणारी हॉवरक्राफ्ट, म्हणजे हवेच्या गादीवर पाण्यावरून आणि जमिनीवरूनही जाणारी वाहनं. बारकाईने पाहणाऱ्यांच्या लक्षात आलं की त्यातली काही एकमेकांची हुबेहूब नक्कल आहेत, आणि एएफपी वृत्तसंस्थेने तो फोटो मागे घेतला. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये सध्याचा नेता किम जोंग-उन याच्या आत्याचा नवरा जांग सोंग-थेक याला मृत्युदंड दिला गेला. आधी दाखवलेल्या माहितीपटाच्या दृश्यांतूनही तो नाहीसा झाला.

ज्या राज्यात चौकटीतून माणूस काढणं हे नेहमीचं काम आहे, ते राज्य तुमच्या चौकटीत काय शिरतं याची काळजी करणारच.

मग दिसतं ते सगळं नाटक असतं का?

नाही. ‘सगळे नट आहेत’ हा समज सोपा आहे म्हणून पसरतो. प्योंगयांगची भुयारी रेल्वे १९७३ मध्ये सुरू झाली. तिच्याबद्दल कित्येक वर्षं असं बोललं जायचं की स्थानकं दोनच आहेत आणि प्रवासी भाड्याने आणलेले आहेत. अफवेला खतपाणी मिळालं ते खुद्द सरकारच्या वागण्याने, कारण २०१० पर्यंत परदेशी पर्यटकांना फक्त पुहुंग आणि योंगवांग ही दोनच स्थानकं दाखवत. पुढे बाकीची स्थानकंही पाहता येऊ लागली. रेल्वे खरी होती, कामावर निघालेली माणसंही खरी होती.

शाळेत तपासणीला साहेब येणार असतात त्या दिवसाची आठवण करा. भिंतींना रंग लागलेला असतो, हुशार मुलं पुढच्या बाकावर बसवलेली असतात, गळकी खोली कुलूपबंद असते. मुलं खरी, शिक्षक खरे, त्यांनी दिलेली उत्तरंही खरी. तरीही त्या दिवशी काढलेल्या फोटोंवरून ती शाळा रोज कशी चालते हे सांगता येत नाही. पर्यटकाचे फोटो हे त्या दिवसाचे फोटो आहेत.

आणि इथे निवड तुमच्या आधीच झालेली असते. प्योंगयांगमध्ये राहायला सरकारची परवानगी लागते. घराण्याची निष्ठा कशी आहे यावरून माणसाचा सामाजिक दर्जा ठरवण्याची व्यवस्था या देशात आहे, आणि राजधानीत जागा मिळणं हा त्याच व्यवस्थेचा भाग. दुसऱ्या प्रांतात जायचं तर साध्या नागरिकालाही परवाना लागतो. म्हणजे राजधानीच्या चौकात तुम्ही कुणालाही न विचारता, गाइडची नजर चुकवून, अगदी स्वाभाविक वाटेल असा फोटो काढलात, तरी त्यातला प्रत्येक माणूस राज्याने तिथे राहू दिलेला माणूस आहे. कॅमेऱ्याचा कोन बदलून ही निवड बदलत नाही. फोटोला खोटा म्हणण्यापेक्षा किंवा त्याच्यावर भुलण्यापेक्षा एवढं लक्षात ठेवणं जास्त उपयोगी आहे.

सीमेवर कॅमेरा तपासतात तेव्हा काय होतं?

कोविडच्या आधी अनेक गट परतताना प्योंगयांगहून रेल्वेने चीनमधल्या दांदोंगला जात. यालू नदी ओलांडण्याआधी गाडी शिनुइजू या सीमेवरच्या शहरात थांबे आणि अधिकारी डब्यात येत. पासपोर्ट गोळा होत. मग एकेका बर्थपाशी येऊन सामान उघडायला सांगत आणि कॅमेरा मागत. अधिकारी मागचा पडदा चालू करून बाणाच्या बटणाने एकेक फोटो उलटा पाहत जाई. पुतळा, हॉटेल, जेवण, मेट्रो, मग खिडकीतून काढलेलं शेत आणि त्यात वाकलेली माणसं. इथे बोट थांबे. डिलीट. पुन्हा बाण. कुणाचे दोन फोटो जात, कुणाचे पन्नास, कुणाचा कॅमेरा बघितलाही जात नसे. ठरावीक मोजमाप नव्हतं, आणि या अनिश्चिततेमुळेच माणसं आधीपासून स्वतःला आवर घालत.

इथे एक तांत्रिक गोष्ट समजून घेऊ. मेमरी कार्डवरून फोटो डिलीट केला म्हणजे तो लगेच पुसला जात नाही. कार्डावर एक अनुक्रमणिका असते, तिच्यातली त्या फोटोची नोंद जाते आणि ती जागा मोकळी मानली जाते. त्या जागेवर नवं काही लिहिलं जाईपर्यंत जुना फोटो तसाच पडून असतो आणि साध्या सॉफ्टवेअरने परत मिळवता येतो. त्यामुळे पुसलेले फोटो घरी जाऊन परत मिळवल्याच्या गोष्टी बऱ्याच ऐकू येतात. फोटो परत येतो हे खरं. पण त्या अधिकाऱ्याने आणि त्या गाइडने तो तुम्हाला नेऊ दिला, अशी नोंद मात्र तो प्रसिद्ध झाल्यावर त्यांच्या नावावर पडू शकते.

दुसरा शब्द मेटाडेटा. फोटोच्या फाइलमध्येच न दिसणारी माहिती असते, जसं फोटो काढल्याची वेळ, कॅमेऱ्याचा प्रकार आणि फोनचं लोकेशन चालू असेल तर नेमकी जागा. फोनला तिथलं नेटवर्क नसलं तरी उपग्रहावरून जागा नोंदवली जाऊ शकते. तुम्ही ओळीत ‘कुठल्याशा गावात’ असं लिहिलंत तरी फाइल गावाचा पत्ता सांगून मोकळी होते. निघण्याआधी फोनमधलं लोकेशन बंद करणं हे पाच सेकंदांचं काम आहे.

आणि बाहेर काय नेता याइतकंच आत काय नेता तेही पाहिलं जातं. अमेरिकन नागरिक केनेथ बे याला नोव्हेंबर २०१२ मध्ये रासोनमध्ये अटक झाली. त्याच्या सामानात हार्ड डिस्क सापडली होती. धर्मप्रसाराच्या आडून राज्याविरुद्ध कारवाया केल्याच्या आरोपाखाली त्याला १५ वर्षं सक्तमजुरीची शिक्षा झाली, आणि सुटका झाली ती नोव्हेंबर २०१४ मध्ये. तेव्हा आधीच्या प्रवासांचे, दक्षिण कोरियाचे, धार्मिक किंवा राजकीय विषयाचे फोटो, चित्रपट आणि कागद असलेला लॅपटॉप अशा देशात नेऊच नये. रिकामं कार्ड, रिकामा फोन.

‘पकडलं तर फार तर फोटो पुसतील, त्यात काय एवढं?’

हा युक्तिवाद मी सगळ्यात जास्त वेळा ऐकला आहे आणि मला तो फार चुकीचा वाटतो. पर्यटकापुरता तो बहुतेक वेळा खरा ठरतो हे कबूल. फ्रेंच छायाचित्रकार एरिक लाफोर्ग २००८ ते २०१२ या काळात अनेकदा तिथे गेला. त्याने इंटरनेटवर टाकलेले काही फोटो काढून टाकायला सांगितलं गेलं, त्याने ऐकलं नाही, आणि त्याला पुन्हा प्रवेश मिळाला नाही. त्याच्या बाजूने गोष्ट तिथे संपली.

कधी ती तिथे संपत नाही. ऑस्ट्रेलियाचा ॲलेक सिग्ली प्योंगयांगच्या किम इल-सुंग विद्यापीठात शिकत होता आणि एका वृत्तसंकेतस्थळासाठी तिथल्या रोजच्या आयुष्यावर लेख लिहीत असे. जून २०१९ मध्ये त्याला ताब्यात घेतलं गेलं आणि जुलैच्या सुरुवातीला देशाबाहेर पाठवलं. देशविरोधी माध्यमांना फोटो आणि माहिती पुरवल्याचा आरोप सरकारी वृत्तसंस्थेने त्याच्यावर केला. ते लेख खाण्यापिण्याचे, कपड्यांचे, शहरातल्या बदलांचे होते. आरोप काय लागेल हे विषयावरून ठरत नाही.

अनेकजण इथे ऑटो वॉर्मबियरचं नाव घेतात. तो अमेरिकन विद्यार्थी हॉटेलातलं प्रचाराचं पोस्टर चोरण्याचा प्रयत्न केल्याच्या आरोपाखाली जानेवारी २०१६ मध्ये पकडला गेला, १५ वर्षांची शिक्षा झाली, आणि जून २०१७ मध्ये बेशुद्ध अवस्थेत घरी परतल्यावर काही दिवसांतच वारला. त्याचं प्रकरण फोटोचं नव्हतं. मात्र इतर देशांत जी खोडी ठरेल तिची उत्तर कोरियात काय किंमत लावली जाऊ शकते हे त्याने जगाला दाखवलं. सप्टेंबर २०१७ पासून अमेरिकन पासपोर्टवर तिथे जायला अमेरिकेनेच बंदी घातली.

पण माझा मुद्दा या सगळ्यांपलीकडचा आहे. या नावांमागे देश होते, दूतावास होते, वाटाघाटी करणारे होते. तुमच्या गाइडमागे कोण आहे? तुम्ही विमानात बसलात की तुम्ही सुटलात. तो तिथेच राहतो, जिथे बरोबरच्या दुसऱ्या गाइडला आपण पाहिलेलं वर सांगायचं की नाही हे ठरवावं लागतं अशा व्यवस्थेत. परदेशी लोकांमध्ये वावरण्याची ही नोकरी तिथे दुर्मीळ आणि हेवा वाटावा अशी आहे, ती जाणं म्हणजे नुसता पगार जाणं नव्हे.

फोटोतल्या माणसाचंही तेच. चेहरा ओळखू येईल असा फोटो आणि खाली ‘ही बाई गुपचूप वस्तू विकत होती’ अशी ओळ, हे पर्यटकाला निरुपद्रवी वाटतं. तिच्यासाठी तो पुरावा असू शकतो. आणि त्या देशात माहितीचा माग काढण्याची यंत्रणा कच्ची नाही. ‘रेड स्टार’ ही त्यांची स्वतःची संगणकप्रणाली दोन जर्मन संशोधकांनी तपासली आणि डिसेंबर २०१५ मध्ये निष्कर्ष मांडले. फोटोसारखी फाइल त्या संगणकावर आली की ती प्रणाली तिच्यात गुपचूप खूण टाकते. फाइल हातोहात फिरली की खुणांची साखळी तयार होते आणि ती कुणाकडून कुणाकडे गेली हे कळू शकतं. तिथल्या एका टॅबलेटवर तर सरकारची सही असलेल्या किंवा त्याच उपकरणावर तयार झालेल्या फाइलच उघडतात, हेही पुढच्या तपासणीत दिसलं. म्हणून एखाद्याला प्रेमाने ‘तुझा फोटो पेन ड्राइव्हवर देतो’ म्हणणं हीसुद्धा भेट राहत नाही. द्यायचाच असेल तर गाइडला विचारून, त्याच्यासमोर, कागदावर छापलेला द्यावा.

‘पण सत्य बाहेर यायला चोरूनच फोटो काढावे लागतील ना?’

प्रश्न गंभीर आहे, कारण लपवण्यासारखं तिथे खरोखरच भयंकर आहे. म्हणूनच ते बाहेर कसं आलं ते पाहायला हवं. संयुक्त राष्ट्रांच्या चौकशी आयोगाने, न्यायमूर्ती मायकल कर्बी यांच्या अध्यक्षतेखाली, फेब्रुवारी २०१४ मध्ये अहवाल दिला. सोल, टोकियो, लंडन आणि वॉशिंग्टन इथे झालेल्या जाहीर सुनावण्यांत ८० हून अधिक साक्षीदार बोलले आणि २४० हून अधिक जणांच्या गोपनीय मुलाखती झाल्या. राजकीय कैद्यांच्या छावण्यांबद्दल जगाला जे ठाऊक आहे त्याचा पाया हा आहे, निसटून आलेल्या माणसांच्या साक्षी आणि उपग्रहावरून घेतलेली चित्रं. पर्यटकांची बस ज्या रस्त्यांवरून जाते तिथून छावणी दिसत नाही.

आतून चोरून केलेलं चित्रीकरणही आहे. जपानमधल्या आशियाप्रेस या गटाने खुद्द उत्तर कोरियन नागरिकांना चित्रीकरण शिकवलं. बाजारातली भुकेली मुलं, सैनिकांची हलाखी अशी दृश्यं त्यांनी बाहेर आणली. त्यांनी पत्करलेली जोखीम जिवावरची होती, पण ती त्यांनी स्वतःच्या देशासाठी, समजून उमजून पत्करली. पर्यटक चोरून शटर दाबतो तेव्हा तो दुसऱ्याची जोखीम दुसऱ्याला न विचारता घेतो. या दोन कृती मला एका रांगेत ठेवता येत नाहीत.

शिवाय सीमेचे ‘गुप्त’ म्हणून फिरणारे अनेक फोटो दांदोंगच्या बाजूने, यालू नदीवरच्या पर्यटक बोटींतून मोठ्या लेन्सने काढलेले असतात. चीनच्या काठावर उभं राहिलं की पलीकडची माणसं, शेतं, पहारेकरी दिसतात. तिथे कुणाच्या गाइडची नोकरी पणाला लागलेली नसते, चेहरे न ओळखण्याइतके लांब ठेवण्याची काळजी मात्र तिथेही घ्यावी लागते.

‘मग परवानगीने फोटो काढणं म्हणजे प्रचाराला हातभारच की!’

हा आक्षेप मी पूर्ण खोडू शकत नाही. सिंगापूरचा छायाचित्रकार अराम पॅन २०१३ पासून रीतसर परवानगी घेऊन तिथे जातो आणि सर्व दिशांना फिरवून पाहता येतील असे फोटो काढतो. त्याच्यावर हाच आरोप होतो. पण त्याच्या कामामुळे रस्ते, हॉटेलं, किनारे जसे आहेत तसे जगाला पाहता आले, आणि आतून पाहिलेल्या साध्या गोष्टीही अभ्यासकांच्या उपयोगी पडतात. पर्यटकाचा पैसा राज्याच्या तिजोरीत जातो हे खरंच आहे. त्या कारणासाठी जायचंच नाही असं ठरवणाऱ्याचा मला आदर वाटतो. जो जातो, त्याने निदान फोटोवर जास्तीचा दावा करू नये.

तो दावा टाळायचं काम फोटोखालच्या ओळीत होतं. मेट्रोचा फोटो टाकताना ‘उत्तर कोरियातलं जीवन’ असं लिहिण्याऐवजी ‘प्योंगयांग, गाइडबरोबरच्या फेरीत दाखवलेलं स्थानक’ असं लिहावं. महिना आणि वर्ष द्यावं, कारण दोन वर्षांत नियमही बदलतात आणि शहरही. काय काढू दिलं नाही हेही सांगावं, पण नाकारणाऱ्या गाइडचं नाव, वय, बोलण्यातली लकब काहीही न देता. गाइडने विश्वासाने काही मनातलं सांगितलं असेल तर ते कुठेच लिहू नये, ‘एका गाइडने सांगितलं’ असंही नाही. एका गटाला गाइड दोनच असतात आणि सहलीच्या तारखा सरकारकडे आहेत, कोण ते शोधायला त्यांना फार वेळ लागणार नाही. अनोळखी माणसांचे चेहरे धूसर करावेत, मेटाडेटा काढून टाकावा, आणि आपल्या गटाची सहल कधी होती हे कळणार नाही इतका वेळ जाऊ द्यावा. वोनसानच्या वाळूतले रंगीत छत्र्यांचे फोटो टाकायला मात्र काही हरकत नाही. खाली एवढं लिहिलं म्हणजे झालं, की हा किनारा कुठल्या महिन्यात, कुणासाठी उघडा होता आणि तिथवर पर्यटकांना कुणाच्या देखरेखीखाली नेलं होतं.